गिल्बर्ट मरेने युरिपिडीस लोकांपर्यंत नेला की झाकला?

फिरता_रंगमंच :
ग्रीक नाटकं ही वर्गात बसून व्याकरण घोटायची चीज, असा इंग्लंडात शिरस्ता होता. गिल्बर्ट मरे या ग्रीकच्या पंडिताने (पुढे १९०८ पासून ऑक्सफर्डात प्राध्यापक) प्राचीन ग्रीक नाटककार युरिपिडीस यमकबद्ध इंग्रजी पद्यात आणला आणि १९०४ पासून लंडनच्या रंगभूमीवर चढवला. १९०५ला कोर्ट थिएटरात त्याचं ‘ट्रोजन विमेन’ (ग्रीकांनी जिंकलेल्या ट्रॉय शहरातल्या बायकांचं नाटक) झालं. इंग्रजांचं दक्षिण आफ्रिकेतलं बोअर युद्ध संपून तीनच वर्षं झाली होती, मरे त्या युद्धाच्या विरोधातला. जळतं शहर, जेत्यांनी वाटून घेतलेल्या बायका, तटावरून फेकून दिलेलं ट्रॉयच्या वीर हेक्टरचं पोर. हे इंग्रजांना त्यांच्याच भाषेत ऐकवणं सोपं नव्हतं. आता भाषा जुनाट वाटते म्हणून त्याला मोडीत काढणं मला पटत नाही.

यमकद्वेष्टा :
सपशेल असहमत. कवी-समीक्षक टी. एस. एलियटने १९२० मध्येच सांगितलंय की मरेने आपल्या आणि युरिपिडीसच्या मध्ये ग्रीक भाषेहूनही अभेद्य भिंत उभी केली. जिथे ग्रीकला एक शब्द पुरतो तिथे हा दोन वापरतो. शेवटाकडचा प्रसंग घ्या. हेक्टरच्या ढालीवर नातवाचं प्रेत आणलंय, हेक्टरची आई, म्हातारी राणी हेक्यूबा त्याच्याशी बोलतेय. मुळात यमकाचा मागमूस नाही. मरेकडे दर दोन ओळींनी यमकाची टाळी वाजते! लोकांपर्यंत पोचला तो मरे, युरिपिडीस नव्हे.

पिटातला प्रेक्षक :
यमकद्वेष्टाजी, तुम्ही वाचताय, लोक ऐकत होते. १९१९ला सिबिल थॉर्नडाइक या नटीने हीच हेक्यूबा केली. १९१५ला युरोप युद्धात होरपळत असताना शिकागोच्या लिटल थिएटरने हेच भाषांतर घेऊन अमेरिकाभर दौरा काढला, पुढाकार स्त्रियांच्या शांतता पक्षाचा. भिंतीपलीकडून एवढं ऐकू येतं होय?

आडवा_छेद :
तीच तर गोची आहे. मरेचा युरिपिडीस युद्धविरोधी उदारमतवादी इंग्रज होऊन बसला. त्यातला कडवटपणा, तिरकसपणा कुठे गेला? त्यापेक्षा ई. व्ही. रियू बरा. प्राध्यापक नाही, प्रकाशन व्यवसायातला माणूस. १९४६ला साध्या गद्यात होमरचं महाकाव्य ‘ओडिसी’ दिली, पेंग्विन क्लासिक्स या पुस्तकमालेचं पहिलं पुस्तक, लाखोंनी खपलं. (अवांतर: गद्य केलं म्हणूनही पंडित चिडतातच.)

फिरता_रंगमंच :
रियू मलाही आवडतो. पण ‘ओडिसी’ आरामखुर्चीत वाचता येते. नाटक कुणीतरी उभं राहून म्हणावं लागतं. तसल्या गद्यात ढालीवरचा प्रसंग उभा करून दाखवा, मग बोलू.