मिशेल अझानाव्हिसियुस: 'द आर्टिस्ट'च्या आधीचं काय बघावं? आणि ते 22 फ्रेमचं प्रकरण काय आहे?

शेवटची_रांग:
'द आर्टिस्ट' (2011) हा कृष्णधवल मूकपट बघितला. दिग्दर्शक मिशेल अझानाव्हिसियुस त्याआधी फ्रेंच टीव्हीवर विनोदी काम करायचा, हे नंतर कळलं. दोन गोष्टी विचारायच्या आहेत. एक, त्याचं आधीचं काम कोणत्या क्रमाने बघावं आणि काय सोडलं तरी चालेल? दुसरी, हा सिनेमा 22 फ्रेमवर शूट केला होता म्हणतात, म्हणजे नेमकं काय? आम्ही सहा मिनिटांचा मराठी मूकपट करतोय, एका नाचासकट. कॅमेरा डिजिटल आहे, घरातल्याच खोल्यांमध्ये शूट आहे.

रीळवाला:
टीव्हीपासूनच सुरू करा, नाहीतर 'द आर्टिस्ट' आभाळातून पडल्यासारखा वाटतो.

1988च्या सुमारास तो कनाल प्लुस वाहिनीवर आला. तिथे 'ले न्युल' ही विनोदी टोळी तेव्हा जोरात होती. 1992मध्ये दोमिनिक मेझरेतबरोबर त्याने जुन्या मालिका-सिनेमांचे तुकडे कापून, त्यावर भलतेच संवाद चढवून छोटे कार्यक्रम केले. त्याचंच मोठं भावंड म्हणजे 'ला क्लास अमेरिकेन', 31 डिसेंबर 1993ला दाखवलेलं. वॉर्नर ब्रदर्सच्या जुन्या सिनेमांतले प्रसंग जोडून सुमारे सत्तर मिनिटांची नवीन गोष्ट. काउबॉयपटांचा हिरो जॉन वेन हा इथे 'जगातला सगळ्यात रुबाबदार माणूस' जॉर्ज अबितबोल. तो मरतो, आणि रॉबर्ट रेडफर्ड-डस्टिन हॉफमन ही पत्रकार जोडी त्याच्या शेवटच्या शब्दांचा अर्थ शोधत हिंडते. मध्येच 'सिटिझन केन'चा दिग्दर्शक ऑर्सन वेल्स उगवतो आणि ही तर माझ्या सिनेमाची चोरी आहे म्हणून कुरकुरतो!

हक्कांच्या गुंत्यामुळे हे कधी रीतसर विक्रीला आलं नाही. आधी व्हिडिओ कॅसेटवर आणि मग इंटरनेटवर हातोहात फिरलं.

मग 1999चा 'मेझामी'. हा त्याचा पहिला थिएटरमधला सिनेमा, राहिला तरी बिघडत नाही. नंतर सात वर्षांनी 'ओएसएस 117' या गुप्तहेरपटांच्या विडंबनाचा कैरोवाला भाग (2006) आणि रिओवाला (2009). हे दोन्ही बघाच. तिसरा भाग (2021) दुसऱ्या दिग्दर्शकाचा आहे, तो या यादीत धरू नका.

ओठांचा_हिशेब:
'ला क्लास अमेरिकेन'ला लोक नुसतं 'मजेशीर डबिंग' म्हणून मोकळे होतात. आपल्याकडे हॉलिवूडच्या प्रसंगांवर गावरान संवाद चढवलेल्या क्लिप फिरतात, त्यातली गंमत आवाजाची असते. इथे निम्मं काम कात्रीचं आहे. समोरासमोर बोलणारी दोन माणसं दोन वेगळ्या सिनेमांतली आहेत. एक उजवीकडे बघत बोलला, तर उत्तर देणारा डावीकडे बघणाराच हवा, नाहीतर दोघं एकाच दिशेला बोलताहेत असं दिसतं. डोळ्यांची उंचीसुद्धा जुळावी लागते, बसलेला माणूस उभ्याशी बोलताना वर बघतो. रंग आणि दाणा (फिल्मचा खरखरीतपणा) थोडा वेगळा असला तर डोळा माफ करतो, नजर चुकली तर नाही.

दुसरं म्हणजे आवाज. या नटांना फ्रेंचमध्ये वर्षानुवर्षं ज्यांनी आवाज दिला होता, त्यांतल्याच अनेकांना बोलावलं. वेनला रेमों लुआये. प्रेक्षकांच्या कानावर बसलेला तोच भारदस्त आवाज, त्याच गांभीर्याने अचाट मूर्खपणा बोलतो. नक्कल करणारा घेतला असता तर सगळं कोसळलं असतं.

फ्रान्समध्ये डबिंगला चित्राखालून सरकणारी एक पट्टी असते, 'बांद रिदमो' म्हणतात. संवाद तिच्यावर ओठांच्या हालचालीनुसार ताणून किंवा आवळून लिहिलेला असतो. अक्षर ठरावीक रेषेवर आलं की नटाने ते बोलायचं. मराठीत असं काही करायचं असेल तर प, फ, ब, भ, म सांभाळा. क्लोजअपमध्ये पडद्यावरचे ओठ मिटतात तिथे यांपैकी एखादं अक्षर पडलं पाहिजे. ओठ उघडे आणि आवाज 'म'चा असला की चोरी पकडली जाते. बाकी व्यंजनं बरीचशी खपतात. माणूस पाठमोरा किंवा लांब असेल तर मोकळं रान, सगळ्यात लांबलचक संवाद तिथेच घाला.

रीळवाला:
कैरोवाल्या भागातली एक जागा नीट बघा. 1955 साल. गुप्तहेर महाशयांचं कैरोतलं सोंग म्हणजे कोंबड्यांची कंपनी. दिवा लावला की कोंबड्या कलकलाट करतात, विझवला की चिडीचूप. हे कळल्यावर जगाचं भवितव्य वगैरे विसरून हा गडी हरखून बटणाशी खेळत बसतो. विनोद सगळा आवाज आणि शांतता यांच्यावर उभा आहे. 'द आर्टिस्ट'मधल्या स्वप्नात ग्लास टेबलावर ठेवल्याचा आवाज येतो, मग पीस पडल्याचा धडाका होतो. बटण तेच आहे!

माणसंही तीच. पडद्यावर ज्याँ द्यूजार्दाँ, बेरेनिस बेजो, कॅमेऱ्यामागे गिओम शिफमान, संगीताला लुदोविक बूर्स. नुसतं 'जुनं वाटावं' यावर ते भागवत नाहीत, त्या काळची पद्धतच उचलतात. गाडी चालवतानाचे प्रसंग बॅक प्रोजेक्शनने, म्हणजे गाडी जागेवर आणि मागे पडद्यावर रस्ता. रिओवाला 1967मध्ये घडतो, म्हणून तिथे पडद्याचे तुकडे करणारी स्प्लिट स्क्रीन आली.

'द आर्टिस्ट'च्या पाच ऑस्करनंतरचा 'द सर्च' (2014) चेचन्यातल्या युद्धावर आहे, गंभीर आहे, आणि कान चित्रपट महोत्सवात त्याचं स्वागत थंड झालं. माझ्या मते नियम मोडायला समोर एखादी शैली नसली की हा दिग्दर्शक जडावतो. म्हणून फ्रेंच दिग्दर्शक गोदारवरचा 'ल रदूताब्ल' (2017) आणि जपानी झोंबीपटावरून केलेला 'कूपे!' (2022) यांत तो पुन्हा रंगात येतो.

अंधारखोली:
आता 22 फ्रेम. 22 फ्रेम प्रति सेकंदाने चित्रित करून 24ने दाखवलं की हालचाल 24/22 पटीने, म्हणजे 9 टक्क्यांनी वेगवान होते. कॅमेऱ्यासमोरचे 12 सेकंद पडद्यावर 11 होतात. चालण्यात किंचित टोकदारपणा येतो, पण 'जुना सिनेमा धावतोय' असं वाटत नाही. 18वर गेलात तर 33 टक्के वेग येईल, आणि मग ते माकडचाळे दिसतात.

नाचाला हिशेब उलटा करा. पडद्यावर 120च्या लयीचं गाणं हवं असेल तर सेटवर 110वर वाजवा (120 × 22/24). हे विसरलं की एडिटला प्रत्येक पाऊल सम गाठायच्या आत पडतं, आणि ते दुरुस्त होत नाही.

कॅमेऱ्यात 22 नसेल तर 24वर घेऊन एडिटमध्ये 109 टक्के वेग देता येतो, पण मग सॉफ्टवेअर मधलीच एखादी फ्रेम गाळतं किंवा दोन फ्रेम मिसळतं. हात वेगाने हलला की दुहेरी कडा दिसते. जमल्यास कॅमेऱ्यातच करा.

'द आर्टिस्ट' रंगीत निगेटिव्हवर घेऊन नंतर कृष्णधवल केला होता, चौकट 1.33:1. तुम्हीही रंगीतच घ्या. पण कपडे आधी फोनच्या मोनो मोडमध्ये तपासा. लाल साडी आणि हिरवी भिंत एकसारखी करडी येऊन बाई भिंतीत विरघळते. लाल चॅनल खाली ओढून कुंकू काळंकुट्ट करायचा मोह होईल. तो लूक लाल न दिसणाऱ्या जुन्या ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मचा. गोष्ट 1927नंतरची असेल तर तोवर सगळे रंग टिपणारी पॅनक्रोमॅटिक फिल्म रुळली होती, कुंकू करडंच राहू द्या.

शेवटची_रांग:
खूप आभार. चाचणीत 22 फ्रेमवर ट्यूबलाइटखाली आडवे पट्टे सरकताना दिसले. शटर 180 अंश होतं. आणि संवादाच्या पाट्या पडद्यावर किती वेळ ठेवायच्या?

अंधारखोली:
22वर 180 अंश म्हणजे 1/44 सेकंद. आपल्याकडची वीज 50 हर्ट्झ, दिवा सेकंदाला 100 वेळा धडधडतो. एक्सपोजर 1/100च्या पटीतच हवं. शटर 1/50 करा, अंशात 158.4. पट्टे जातील. स्वस्त एलईडीला डिमर लावला असेल तर तरीही राहतील, कारण त्याचा धडधडण्याचा वेग वेगळाच असतो. तिथे डिमर काढा आणि दिव्यासमोर जाळी किंवा कापड धरा.

ओठांचा_हिशेब:
पाटीवरचा मजकूर मोठ्याने, सावकाश दोनदा वाचून होईल इतका वेळ. 12 शब्दांपुढे जाऊ नका. नटाला वाक्य खरंच पूर्ण बोलायला लावा. तोंड उघडून दोनेक शब्द झाले की पाटीवर कापा, आणि वाक्याच्या शेवटच्या शब्दावर परत चेहऱ्यावर या. 'हो', 'नाही', 'चल' यांना पाटी नकोच, ते ओठांवर वाचता येतं.

संगीताबद्दल एक. एडिट करताना तात्पुरता ठेवलेला ओळखीचा तुकडा तसाच राहू देऊ नका. 'द आर्टिस्ट'च्या शेवटाकडे 'व्हर्टिगो'मधलं बर्नार्ड हरमनचं संगीत वाजतं. ते वापरल्याबद्दल 2012मध्ये 'व्हर्टिगो'ची नायिका किम नोवॅकने जाहीर निषेध केला होता. तुमच्या बाबतीत निषेध कोणी करणार नाही, पण अपलोड केल्यावर तासाभरात व्हिडिओचा आवाज बंद होईल. तोही मूकपटाचा.