प्रोजेक्टरचं फर्मवेअर अपडेट: पेनड्राइव्ह दिसतच नाही

गच्चीवाला (कोल्हापूर):
मंडळी, हॉलमध्ये ४के डीएलपी प्रोजेक्टर आहे, लॅम्पवाला. समोर १०० इंची पडदा. स्टिकवरून (नेटवरचे सिनेमे दाखवणारी ती छोटी काडी) सिनेमा लावला की मध्येच पडदा काळा होतो, दोन-तीन सेकंदांनी चित्र परत येतं. तेही नेमकं रंगात आल्यावर. कंपनीच्या साइटवर नवीन फर्मवेअर, म्हणजे प्रोजेक्टरच्या आतलं सॉफ्टवेअर, आलंय, सोबत 'एचडीएमआय सुसंगतता सुधारली' एवढंच लिहिलंय. ६४ जीबीच्या पेनड्राइव्हवर फाइल टाकून मागे लावला, पण प्रोजेक्टर ढिम्म. आणि आमच्याकडे लाइटचा भरवसा नाही. अपडेट चालू असताना गेली तर?

ठाण्याची_ताई:
दादा, अपडेटनंतर माझी रंगांची सगळी सेटिंग्ज उडाली होती. आधी मेनूच्या प्रत्येक पानाचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

सोल्डरवाला (नाशिक):
आधी पोर्ट बघा. मागे दोन यूएसबी असतील तर एकावर '५व्ही' छापलेलं असतं. ते बऱ्याचदा स्टिकला वीज द्यायलाच असतं, डेटा वाचत नाही. 'सर्व्हिस' लिहिलेलं शोधा.

दुसरं, पेनड्राइव्हवर फाइली मांडायच्या पद्धती असतात, फॉरमॅट म्हणतात. ६४ जीबीचा पेनड्राइव्ह बहुधा एक्सफॅट असतो आणि पुष्कळ प्रोजेक्टरांना फॅट३२च कळतं. ड्रॉवरमध्ये पडलेला ८ जीबीचा जुना काढा, फॅट३२ करा, त्यावर ही एकच फाइल ठेवा. झिप असेल तर उघडून, फोल्डरमध्ये न घालता. नाव बदलू नका. फाइल दोनदा डाउनलोड झाली की ब्राउझर नावापुढे (१) चिकटवतो आणि प्रोजेक्टर तिला ओळखच देत नाही. मॉडेल नंबर खालच्या स्टिकरवरूनच घ्या, खोक्यावरून नको.

लाइटचं म्हणाल तर ६०० व्हीएचा कॉम्प्युटरचा यूपीएस लावा. लॅम्पचे प्रोजेक्टर साधारण ३०० वॉटच्या आसपास खातात, तेवढ्यावर काही मिनिटं निघतात. तुमच्या मशीनचे वॉट स्टिकरवर बघून घ्या. घरचा इन्व्हर्टर नॉर्मल मोडवर असेल तर बदलताना झटका बसतो, तो नको. काही मॉडेलांत अपडेट चालू असताना लॅम्प विझतो, नुसता बटणाजवळचा छोटा दिवा लुकलुकतो. 'मेला' समजून प्लग उपटणारे पुष्कळ बघितलेत.

पण हे सगळं नंतर. मला तुमच्या फर्मवेअरवर संशयच नाही. स्टिकचं चित्र प्रोजेक्टरपर्यंत नेणारी एचडीएमआय केबल किती लांब आहे?

गच्चीवाला:
१५ मीटर. पीओपीच्या आतून नेलीय. का हो?

सोल्डरवाला:
तांब्याची असणार. ४के, सेकंदाला ६० फ्रेम, त्यात एचडीआर (उजेड-अंधारातला फरक जास्त दाखवणारं चित्र) म्हणजे सेकंदाला १८ गिगाबिटपर्यंत डेटाची मागणी. साध्या तांब्याला १५ मीटरवर ते झेपत नाही. स्टिकचं आउटपुट ४केऐवजी कमी बारकाव्याचं १०८०पी करून एक आख्खा सिनेमा बघा. काळं होणं थांबलं तर दोष बहुधा केबलचा, फर्मवेअरला उगाच हात लावू नका. सिनेमा सुरू होतानाच एकदा काळं होत असेल तर ते सोडून द्या, ६० वरून २४ फ्रेमवर जाताना होतंच.

ठाण्याची_ताई:
अपडेटने एचडीआरचा अंधारही जाईल का? माझ्याकडे रात्रीचे सीन म्हणजे नुसती काजळी.

सोल्डरवाला:
ताई, एचडीआर सिनेमे बहुधा १००० निट (पडद्याच्या उजेडाचं माप) किंवा त्याहून जास्तीच्या हिशोबाने बनतात. घरच्या प्रोजेक्टरला १०० इंची पडद्यावर दीडशे निट मिळाले तरी पुष्कळ. अपडेटने टोन मॅपिंग, म्हणजे तो जास्तीचा उजेड प्रोजेक्टरला झेपेल असा बसवणं, थोडं सुधारू शकेल, लॅम्पचा उजेड नाही वाढणार. स्टिकला एसडीआर, म्हणजे एचडीआर नसलेलं साधं चित्र, करून बघा.

गच्चीवाला:
१०८०पीवर काल अख्खा सिनेमा पाहिला, एकदाही काळं झालं नाही. आता पीओपी फोडायला लागणार काय?

सोल्डरवाला:
पाइपातून नेली असेल तर नाही. जुन्या केबलच्या टोकाला नवी बांधून ओढा. फायबरची घ्या, पण तिला दिशा असते. 'सोर्स' लिहिलेलं टोक स्टिककडे. ओढण्याआधी जमिनीवर पसरून एकदा चालवून बघा.