मदत हवी आहे: स्कॅफॉइड हळू जुळतंय, सातवं कॅरेक्टर डी की जी?

नमस्कार मंडळी, इथे मेडिकल कोडिंगमधलं कुणी आहे का? मी पुण्यातून अमेरिकन क्लायंटचे ऑर्थोचे ओपीडी चार्ट करते, म्हणजे आयसीडी-१०-सीएम (आजार-दुखापतींचे अमेरिकन कोड). त्यात फ्रॅक्चरच्या कोडचं सातवं अक्षर उपचाराचा टप्पा आणि हाड कसं जुळतंय ते सांगतं. दोन चार्टवरून ऑफिसात जुंपली आहे. (फोनवरून लिहितेय, कोडही देवनागरीतच उमटतायत, चालवून घ्या.)

पहिला पेशंट तरुण आहे. पडताना हात टेकला आणि डाव्या मनगटातलं स्कॅफॉइड हे छोटं हाड मोडलं. वेस्ट (हाडाच्या कमरेतलं) फ्रॅक्चर, तुकडे सरकलेले नाहीत, म्हणून एस६२.०२५. इथवर वाद नाही. १० आठवड्यांनंतरच्या व्हिजिटला डॉक्टर लिहितात: फ्रॅक्चर लाइन अजून दिसते, हाड अपेक्षेपेक्षा हळू भरतंय, थंब स्पायका (अंगठ्यासकट प्लास्टर) आणखी ४ आठवडे. खाली असेसमेंटमध्ये मात्र मागच्या व्हिजिटचा डी जसाच्या तसा, म्हणजे रुटीन हीलिंग. उघड उघड कॉपी-फॉरवर्ड. मी जी, म्हणजे डिलेड हीलिंग (उशिरा जुळणं), लावला. क्यूए (कोड तपासणारा) म्हणतो, 'डिलेड हीलिंग' हे शब्द दाखव, नाहीतर एरर.

दुसरा: उजवा हात, रेडियस आणि अल्ना (कोपर ते मनगटाची दोन हाडं) दोन्हींचे शाफ्ट (मधला दांडा) मोडलेले, गस्टिलो (ओपन फ्रॅक्चरची प्रतवारी) टाइप २ ओपन, म्हणजे हाडापर्यंत जखम असलेलं, प्लेट घातल्यात. इथे 'डिलेड युनियन' स्वच्छ लिहिलंय. पण टीएलचं (टीम लीडचं) म्हणणं, जखम केव्हाच भरली, आता क्लोज्ड धरून जी दे. मला पटत नाही.

गाइडलाइनच्या आधाराने कुणी सांगेल का? 'आमच्याकडे असंच करतात' हे उत्तर ऑफिसात फुकट मिळतं.

प्रतिसाद १
दुसरा चार्ट सोपा आहे. कातडी भरली म्हणून ओपन फ्रॅक्चर क्लोज्ड होत नाही. टाइप १ किंवा २ आणि डिलेड म्हणजे एच. टाइप ३ असतं तर जे. पण दोन हाडांचे दोन कोड आहेत, तेव्हा रखडलंय कोणतं ते नोटमध्ये नीट बघा. रेडियस रुटीन भरतंय आणि अल्ना मागे राहिलंय असं असेल तर एकाला ई (ओपन, रुटीन), दुसऱ्याला एच. दोन्हींना सरसकट एच ठोकू नका.

टीएलचा घोळ बहुतेक एस६२ मुळे झालाय. मनगट-पंजाच्या त्या गटात एच नाहीच. तिथे ए, बी, डी, जी, के, पी, एस एवढीच अक्षरं, त्यामुळे ओपन असलं तरी डिलेडला जीच. एस५२ मध्ये, म्हणजे रेडियस-अल्नाच्या गटात, ती सूट नाही.

आता स्कॅफॉइड. लाइन दिसते म्हणून उशीर आपण ठरवायचा नाही. हे हाड मुळातच चिवट. त्याचा बराचसा रक्तपुरवठा बोटांकडच्या टोकातून उलटा येतो. कमरेत मोडलं की कोपराकडच्या तुकड्याचं रक्त तुटू शकतं. त्यामुळे १० आठवड्यांनी लाइन दिसणं एखाद्या डॉक्टरला नेहमीचंच वाटेल. मात्र 'अपेक्षेपेक्षा हळू' हे उपचार करणाऱ्या डॉक्टरांचंच मत आहे, तेव्हा तुमचा मुद्दा फुसका नाही. अडचण एवढीच की त्याच नोटमध्ये डीही बसलाय. नोट स्वतःशीच भांडत असेल तर डॉक्टरांना क्वेरी टाका. 'डिलेड म्हणायचं का?' असं विचारलंत तर ती लीडिंग (उत्तर सुचवणारी) ठरेल. नोटमधलं वाक्य उतरवा आणि पर्याय द्या: रुटीन, डिलेड, नॉनयुनियन (हाड न जुळणं), इतर, सांगता येत नाही.

प्रतिसाद २
वरच्याशी सहमत. एक जोडते: वयस्क बाईचं मनगट किरकोळ पडण्याने मोडलं आणि चार्टमध्ये ऑस्टिओपोरोसिस आहे, तर डोळे झाकून कोलीसचा (मनगटाजवळच्या रेडियस फ्रॅक्चरचा) एस५२.५३ लावू नका. निरोगी हाड एवढ्यावर मोडलं नसतं, अशा केसला गाइडलाइन एम८० कडे, म्हणजे ऑस्टिओपोरोसिसच्या फ्रॅक्चरच्या कोडकडे, पाठवते. वयोमानाच्या ऑस्टिओपोरोसिसमध्ये डावं मनगट किंवा फोरआर्म, डिलेड असेल तर एम८०.०३२जी. आमच्याकडे ऑडिटला सगळ्यात जास्त मार यातच बसतो.

धागाकर्ती
दोघांचेही आभार. क्वेरी टाकली, स्कॅफॉइडचा चार्ट होल्डवर. अल्नाची नोट परत वाचली: डिलेड फक्त तिलाच म्हटलंय, रेडियस जुळत आलंय. म्हणजे माझे दोन एचही चुकलेच असते!

जाता जाता, के (नॉनयुनियन) कधीपासून? क्यूए ९ महिन्यांचा हिशेब सांगतो.

प्रतिसाद १
ती एफडीएची (अमेरिकेच्या औषध नियामक संस्थेची) व्याख्या: दुखापतीला किमान ९ महिने आणि शेवटचे ३ महिने काहीच प्रगती नाही. पण ती डॉक्टरांनी वापरायची. त्यांनी ६ महिन्यांनी नॉनयुनियन लिहिलं तर के, आणि वर्ष उलटूनही डिलेडच लिहिलं तर जी.