अनुभव धागा: गोळा केलेला कचरा पुढे जातो कुठे?

स्वच्छता मोहिमेचे फोटो सगळ्यांनी पाहिलेत: पोत्यांची रास आणि मागे हसरे चेहरे. मला त्या पोत्यांचं पुढे काय झालं यात रस आहे. कुठल्याही संस्थेबरोबर किनारा, गड, घाट, गल्ली साफ करायला गेला असाल तर लिहा. 'जनजागृती झाली' एवढं एक वाक्य सोडून काहीही चालेल.

वर्सोवा, मुंबई
अफरोज शाह या वकिलांनी ऑक्टोबर २०१५ मध्ये इथे कचरा उचलायला सुरुवात केली. मी बऱ्याच नंतर शनिवार-रविवारच्या गर्दीत शिरलो. वर दिसतो तो कचरा काहीच नाही, खाली वाळूत पिशव्यांचे थर बसलेले असतात. ओढली की पिशवी फाटते आणि हातात चिंधी येते. मग उकरत बसायचं. हा माल ओला, वाळूने जड झालेला. ट्रॅक्टर-डंपर आल्याशिवाय हलत नाही, त्यामुळे नुसता उत्साह घेऊन येणारे दुपारपर्यंत गळतात. शाहांना २०१६ साली संयुक्त राष्ट्रांचा 'चॅम्पियन्स ऑफ द अर्थ' सन्मान मिळाला, मार्च २०१८ मध्ये याच वाळूतून ऑलिव्ह रिडले कासवांची पिल्लं समुद्रात गेली, आणि लोकांनी धरून चाललं की काम संपलं. पावसाळ्यात उधाणाच्या भरतीनंतर येऊन बघा! नाल्यांतून गेलेलं सगळं समुद्र परत आणून टाकतो. शाह पुढे मिठी नदीकडे वळले ते उगाच नाही.

वेसावे कोळीवाडा
वरच्या दादांना सांगते, किनारा हा शेवटचा मुक्काम झाला. आमची डोल, म्हणजे मासेमारीचं जाळं, ओढली की मासळीच्या जोडीला प्लास्टिक येतंच. जवळा निवडायला आम्ही बायका बसतो. त्यातून पिशवीचे बारीक तुकडे वेचायला किती वेळ जातो, ते कुठल्याच फोटोत येत नाही. आणि तो वेळ कोणी भरून देत नाही.

पुणे
धाग्याचा प्रश्न कचरावेचकांना विचारायला हवा. कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही त्यांची संघटना १९९३ पासून आहे, तिच्यातूनच पुढे 'स्वच्छ' ही सहकारी संस्था उभी राहिली. आमच्या सोसायटीत येणाऱ्या ताईंचा हिशोब सरळ आहे. पाण्याची बाटली, पुठ्ठा, पत्रा, दुधाची पिशवी: भंगारवाला घेतो. वेफर्सचं चकचकीत पाकीट: नाही. त्यात प्लास्टिक आणि धातूचे थर एकमेकांना चिकटलेले असतात, ते सोडवणं परवडत नाही. म्हणून मोहिमेतून आणलेल्या पोत्यात विकाऊ माल थोडा आणि पाकिटंच जास्त. विकाऊ ते आधीच कोणीतरी पोटासाठी वेचून नेलेलं असतं. याच संस्थांनी वापरलेले सॅनिटरी नॅपकिन थेट ते बनवणाऱ्या कंपन्यांना परत पाठवले होते. माझ्या मते राज्यातली सगळ्यात नेमकी स्वच्छता मोहीम तीच.

नाशिक, ट्रेकिंग ग्रुप
गडाचं नाव लिहीत नाही. पाण्याच्या टाक्यातला गाळ उपसताना दारूच्या बाटल्यांच्या काचा निघतात, तेव्हा गमबूट आणि जाड हातमोजे हवेतच. पण खरा प्रश्न पायथ्याला. गावातल्या काकांनी पहिल्याच भेटीत बजावलं होतं, "पोती हितं ठेवू नका. मागं एक मंडळ ठेवून गेलं. गुरांनी फाडली, उरली ती आम्ही जाळली." गावात घंटागाडी येत नाही. त्यामुळे आमच्याकडे आधी टेम्पो ठरतो, मग तालुक्याचा भंगारवाला, आणि तारीख सगळ्यात शेवटी.

कोल्हापूर, पंचगंगा घाट
गणपतीत माझ्याकडे एकच काम: निर्माल्याच्या पिशव्यांच्या गाठी सोडणे. कुंडात लोक पिशवीसकट टाकतात. फुलं-दूर्वांचं खत होतं, पण आत उदबत्तीचं प्लास्टिक आणि थर्माकोल निघतो. गाठ इतकी पक्की मारतात की जणू देव सोडवून बघणार आहे.

स्लाव, इंग्लंड
इकडे 'कीप ब्रिटन टायडी' ही जुनी धर्मादाय संस्था आहे, विमेन्स इन्स्टिट्यूटच्या बायकांच्या ठरावातून १९५४ साली निघालेली. तिच्या वसंतातल्या मोहिमेत जातो. चिमटा मिळतो, पिशवीचं तोंड उघडं ठेवायला कडं मिळतं. पिशव्या कुठे ठेवणार ते कौन्सिलला आधी कळवायचं, त्यांची गाडी येऊन नेते. फार हेवा वाटून घेऊ नका. सिगारेटची थोटकं, कॅन आणि चिप्सची पाकिटं इथेही तीच, आणि पुढच्या आठवड्यात त्याच कुंपणापाशी पुन्हा.

डोंबिवली
पुणेकरांना प्रश्न: चकचकीत पाकिटं सिमेंटच्या भट्टीत जाळायला नेतात म्हणे. आमच्या मंडळाकडे ती पोत्यांनी साठलीत. थोडा माल घेतात का, की ट्रक भरावा लागतो?

धागाकर्ता
डोंबिवलीच्या प्रश्नाचं उत्तर कोणाकडे असेल तर आधी ते द्या. आणि यापुढे लिहिणाऱ्यांनी टेम्पोचे पैसे कोणी भरले तेही लिहा. संस्थेने, पालिकेने, की वर्गणी काढली?