प्रतिसाद: सप्ताहातली धुसफूस वर्गणीवरून नाही, पहाऱ्यावरून कळते

अखंड हरिनाम सप्ताहात, म्हणजे गावच्या सात दिवसांच्या भजन-कीर्तनाच्या उत्सवात, वर्गणीवरून गाव फुटतं असं वरच्या पोस्टमध्ये म्हटलंय, ते अर्धंच पटलं. नाशिक जिल्ह्यात निफाड-सिन्नरकडे वर्गणी उंबऱ्यामागे (घरटी) घ्यायची की एकरी, यावर बैठकीत तोंडावर बोलून तरी होतं. द्राक्षबागवाल्याला उंबरा सोयीचा, भूमिहीनाला एकर. एका उंबऱ्यात तीन चुली असतील तर पावत्या किती, इथे घोडं अडतं. चुलीमागे धरलं की हा प्रश्न तरी मिटतो.

न बोललेलं सगळं पहाऱ्याच्या, म्हणजे वीणा गळ्यात घेऊन पाळीपाळीने उभं राहण्याच्या, यादीत दिसतं. वीणा सात दिवस खाली ठेवायची नाही. दोन-दोन तासांचा पहारा धरला तर दिवसाला १२, एकूण ८४ पाळ्या. संध्याकाळच्या, कीर्तनाच्या वेळच्या पाळ्या वजनदार भावकीला आणि रात्री २ ते ४ ज्यांचं कोणी ऐकत नाही त्यांना. रुसलेला माणूस मग भांडत नाही, नुसता येत नाही! आधीचा बिचारा वीणा गळ्यात घेऊन उभाच. म्हणून प्रत्येक पाळीला दोन नावं, तीही वेगवेगळ्या भावकीतली, आणि रात्रीच्या पाळ्या चिठ्ठ्या टाकून. सप्ताहाच्या निमंत्रणपत्रिकेवरची नावं अकारविल्हे लावावीत. शेवटच्या दिवशीच्या काल्याच्या पंगतीचा मान मात्र चिठ्ठीवर सोडायला जुनी घरं सहसा तयार होत नाहीत.