हिमांशू राय : निर्माता म्हणून नेमके कर्तृत्व कोणते?

चित्रवेडा : हिमांशू राय यांच्या बॉम्बे टॉकीज या चित्रपटसंस्थेच्या सुरुवातीच्या चित्रपटांचे दिग्दर्शन फ्रान्झ ऑस्टेन यांचे, छायालेखन योझेफ विर्शिंग यांचे, आणि पडद्यावर देविका राणी व अशोककुमार. मग राय यांच्या वाट्याला श्रेय उरते ते कशाचे? भांडवल उभे करण्याचेच असेल, तर असे शेठजी मुंबईत तेव्हाही होते.

जुनी रिळे : भांडवल उभे करण्याची त्यांची रीतच निराळी होती. १९२५ च्या 'लाइट ऑफ एशिया'साठी त्यांनी म्युनिकच्या एमेल्का कंपनीला भागीदार करून घेतले आणि दिग्दर्शक, कॅमेरा, तंत्रज्ञ असा सगळा सरंजाम तिकडून आणला. 'शिराझ' आणि 'प्रपंच पाश' हे मूकपटही जर्मन सहकार्यानेच झाले. पुढे बोलपट आले, चित्रपटाला भाषेची कुंपणे पडली, तेव्हा १९३४ मध्ये त्यांनी मालाडला बॉम्बे टॉकीजचा स्टुडिओ उभारला, तोही मर्यादित कंपनी काढून, जिच्या संचालक मंडळावर नामांकित वकील सर चिमणलाल सेटलवाड यांच्यासारखी माणसे होती. सिनेमाच्या धंद्याकडे प्रतिष्ठित समाज नाक मुरडत असताना हे जमवणे सोपे नव्हते.

सूरदास : वरील प्रतिसादाशी सहमत; पण मला त्यांची माणसांची निवड अधिक मोलाची वाटते. खुर्शीद होमजी या पारशी तरुणीला त्यांनी संगीतकार म्हणून घेतले, तेव्हा पारशी समाजातून ओरड झाली. राय यांनी तिला सरस्वती देवी हे नाव दिले, पण काम काढून घेतले नाही. 'जीवन नैया' या चित्रपटाच्या वेळी नायक नजमुल हसन यांना दूर करावे लागले, तर स्टुडिओच्या प्रयोगशाळेत काम करणाऱ्या अशोककुमार यांना त्यांनी कॅमेऱ्यासमोर उभे केले. ऑस्टेन यांना ही निवड पसंत नव्हती, असे सांगितले जाते. दिग्दर्शकाच्या मताविरुद्ध नायक ठरतो, तिथे निर्माता कोण हे वेगळे सांगायला नको.

तिसरी घंटा : कौतुक रास्त आहे, तरी एक उणीव राहतेच. कंपनी कागदोपत्री भागधारकांची असली, तरी कारभार एका माणसाभोवती फिरत होता. १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच ऑस्टेन, विर्शिंग आदी जर्मनांना स्थानबद्ध करण्यात आले आणि मे १९४० मध्ये राय वारले. सूत्रे त्यांच्या पत्नी देविका राणींकडे आली, पण दोन गट पडायला वेळ लागला नाही. १९४३ मध्ये बॉम्बे टॉकीजच्या 'किस्मत'ने अफाट यश मिळवले, आणि त्याच सुमारास निर्माते शशधर मुखर्जी व अशोककुमार यांच्या गटाने बाहेर पडून फिल्मिस्तान ही नवी चित्रपटसंस्था काढली.

सूरदास : फिल्मिस्तान उभी करणारी ही माणसे राय यांच्याच हाताखाली तयार झाली होती, हेही त्यांच्याच खात्यावर जमा धरायला हवे.