तासांवरून किलोमीटर: ट्रॅक्टर कुठं राबलं ते आधी बघा

दादा, तुम्ही घ्यायला बघताय त्या जुन्या ट्रॅक्टरच्या मीटरवर २४०० तास आहेत, तर तो किती किलोमीटर चालला असेल असं विचारलंत. वर कुणीतरी सरसकट ताशी २५ नं गुणून ६० हजार किलोमीटर सांगितलेत. तसं नसतं हो. रोटाव्हेटर ताशी ३-४ किलोमीटरनं चालतो, नांगरट फार तर ५-६ नं. उसाच्या भरल्या ट्रॉल्या ओढणारं १५-२० नं पळतं, अन् पुन्हा कारखान्याच्या गेटवर नंबर लावून घुरघुरत उभं राहतं ते वेगळंच.

बीडमधल्या माजलगावकडचं असेल तर उसाची वाहतूक धराच. मालक काहीही सांगो, मागचा हूक बघा. भोक लांबट झिजलेलं असलं तर ट्रॉली भरपूर ओढलीय. पीटीओ शाफ्टचे (मागचं अवजार फिरवणाऱ्या दांड्याचे) दाते झिजून बारीक झाले असतील तर रोटाव्हेटर जास्त.

आणखी एक. इंजिनवरून केबलनं फिरणाऱ्या जुन्या मीटरचा तास ठरावीक आरपीएमवर (इंजिनच्या मिनिटाच्या फेऱ्यांवर) धरलेला असतो. इंजिन हळू फिरलं की मीटरही हळू सरकतो, म्हणजे गेटवरची रात्र त्यात पुरती येतच नाही. डिजिटल मीटर बहुधा घड्याळाचे तास मोजतो. अन् केबल नवीकोरी दिसली तर २४०० वर विश्वासच ठेवू नका, आधी जुनी कधी तुटली ते विचारा; केबल तुटली की मीटर थांबतो.